नळाच्या आवाजात

आमच्या मालिकेतला राजदूत अर्ध्या तासात, जाहिराती धरून, दोन देशांचं युद्ध थांबवतो आणि वर मुलीच्या शाळेतल्या नाटकालाही वेळेवर पोचतो. माझे वडील खरे राजदूत होते. माझ्या एकाही नाटकाला त्यांना येता आलं नाही. मालिकेचे संवाद मी लिहिते. सूड म्हणा, हौस म्हणा, अशी भागवून घेते.

परक्या देशांतल्या सरकारी घरांत आमची एक रीत होती. भिंतींना कान असतात, ही आमच्याकडे म्हण नव्हती. नव्या घरात शिरताना मिळणारी पहिली सूचना होती. महत्त्वाचं काही बोलायचं तर बाथरूममध्ये जायचं, नळ पूर्ण सोडायचा आणि पाण्याच्या आवाजात कुजबुजायचं. बदलीची बातमी, आजी गेल्याची बातमी, मला सगळं ओल्या फरशीवर उभं राहून कळलं.

निवृत्तीनंतर नऊ वर्षांनी, हॉस्पिटलच्या खोलीत, बाबांनी बेसिनकडे बोट दाखवलं. मी नळ सोडला. ते बोलायला लागले. आवाज असा उरलाच नव्हता. ओठ हलताना दिसत होते, ऐकू येत होतं ते फक्त पाणी. मी शहाण्यासारखी मान डोलवत राहिले. नळ बंद करावा, हे मला सुचलंच नाही. आई औषधं घेऊन वर येईपर्यंत सगळं संपलं होतं.

"काही बोलले का?" तिनं विचारलं.

"हो. सांगेन नंतर," मी म्हणाले.

याला दोन वर्षं झाली. तेव्हापासून भांडी घासताना, तोंड धुताना, पाण्याखाली कुणीतरी बोलतंय असं वाटतं. नळ बंद केला की तेही गप्प होतं. मला त्या बोलण्याची भीती वाटते, आणि ते थांबलं की त्याहून जास्त वाटते.

आईनं पुन्हा विषय काढला नाही. पण मालिकेचा एकही भाग ती चुकवत नाही. पोरगी तोंडानं सांगत नाही ते लिहून सांगेल, अशी तिची समजूत. त्यामुळे निर्मात्यानं राजदूताला मारायचं ठरवलं तेव्हा त्याचे शेवटचे शब्द आई कुणाचे समजणार, हे मला ठाऊक होतं. तो प्रसंग मी चौदा वेळा लिहिला. शेवटी राजदूत नळ सोडायला लावतो आणि मुलीला अगदी स्पष्ट सांगतो, "तुझ्या आईला सांग, इतकी घरं बदलली, पण घरी आल्यासारखं वाटलं ते फक्त ती दार उघडायची तेव्हा."

काल संध्याकाळी तो भाग लागला. आई खुर्ची पुढे ओढून बसली होती. संपल्यावर तिनं डोळे पुसले, चष्मा नीट केला आणि टीव्ही बंद केला.

"छान लिहिलंस," ती म्हणाली. "आता ते काय म्हणाले ते सांग."

थापा मारायच्या तर तेरा मसुदे शिल्लक होते. माझ्यानं होईना.

"मला ऐकूच आलं नाही, आई. नळ चालू होता."

ती रागावली असती तर बरं झालं असतं.

"अगं, मग बंद करायचास," ती हळूच म्हणाली. "तिथं तुझ्याशिवाय ऐकणारं होतं कोण?"