खांडीला हात लावायचा नाही

मुलांनो, जरा डोळ्यांसमोर आणा. तुम्ही पेणजवळच्या खाडीवर उभे आहात. एका बाजूला खारं पाणी, दुसऱ्या बाजूला भाताची खाचरं आणि पायांखाली मातीचा बांध. उधाणाच्या भरतीने बांध फुटला, की त्या भगदाडाला खांड म्हणतात. खारं पाणी आत शिरलं, तर पुढची काही वर्षं तिथे भात पिकत नाही. म्हणून खाडीकाठची रीतच आहे: खांड पडल्याची हाक आली, की हातातलं काम टाकून सगळ्यांनी चिखल घेऊन धावायचं.

सरूच्या गावचा बांध दर वर्षी एकाच जागी फुटायचा. ती जागा पक्की बांधून द्या, असा हुकूम न्यायालयाने सरकारी कचेरीला दिला होता. कचेरीने काही केलं नाही. न्यायालयाचा हुकूम जाणूनबुजून न पाळणं म्हणजे न्यायालयाचा अवमान. तसा अर्ज सरूचे वडील काळुराम यांनी गावातर्फे केला.

पेणचे गोपाळकृष्ण वकील बजावून गेले, "आता फुटला तर खांडीला हात लावायचा नाही. न्यायालयाला ती दिसली पाहिजे."

"म्हंजी शेत बुडताना बगत ऱ्हायचा?" शेजारच्या हौसाआजीने विचारलं.

"एवढ्या वेळेपुरतं, आजी."

न्यायालयातल्या सुनावणीची तारीख जवळ आली आणि एके दिवशी भरदुपारी उधाणाने बांध फुटला. सगळा गाव जमला आणि नुसता उभा राहिला. पाणी हौसाआजीच्या खाचराकडे निघालं. आजीने पदर खोचला आणि ती खाली उतरली. मागोमाग तिचा पुतण्या नाथा.

"आरं, वकील काय सांगून गेला?" काळुराम म्हणाले.

"त्याचा शेत हाय का हितं?" आजी खालून म्हणाली. "पाटी दे इकडं."

काळुरामांनी चिखलाने भरलेली पाटी दिली, आणि मग तेही उतरले. ओहोटी लागेपर्यंत खांड बुजली होती.

दुसऱ्याच दिवशी कचेरीचा माणूस येऊन बांधाचा फोटो काढून गेला. न्यायालयात कचेरीने तो दाखवला आणि काम झाल्याचं सांगितलं. हा गावाने घातलेला चिखल आहे, असं वकील परोपरीने सांगत राहिले. पण फोटोत बांध धड दिसत होता. अर्ज निकाली निघाला. पुन्हा फुटला तर पुन्हा या, असं सांगण्यात आलं.

"बाबा, आपून खांड बुजवली म्हनून ते सुटले?" सरूने विचारलं.

"व्हय."

"मंग बुजवायला नको व्हती?"

"ता हौसाआजीला इचार, जा."

पुढच्या उधाणाला ओला चिखल खचला आणि त्याच जागी पाणी झिरपू लागलं. गाव पुन्हा जमला. या वेळी हौसाआजीही उतरली नाही. सगळे काळुरामांकडे बघत होते. बुजवावी, तर न्यायालयाला दाखवायला काही उरत नाही; न बुजवावी, तर शेत जातं.

सरूने चिखलाचा गोळा उचलला.

"बाबा, टाकू?"

काळुरामांनी खांडीकडे बघितलं, मग हौसाआजीच्या खाचराकडे. सरूने गोळा खांडीत टाकला, पायाने दाबला आणि दुसरा आणायला वळली.