पिवळी टोपी

त्या सीझनमध्ये मी नक्की काय करत होतो, हे मला आजही धड सांगता येत नाही. प्रयत्न करतो.

कागदावर मी ब्रॅनर कॉलेजच्या अमेरिकन फुटबॉल संघाचा तिसरा क्वार्टरबॅक, म्हणजे मैदानात डाव चालवणारा, चेंडू फेकणारा गडी. पहिले दोघं जायबंदी झाले तर माझा नंबर, आणि ते मेले कधी जायबंदी होतच नव्हते. तीन वर्षं घाम गाळला, सामन्यात एक मिनिट मैदानात गेलो नाही. शेवटच्या वर्षी कोच ब्रंडिजनी मला पिवळी टोपी दिली आणि मैदानाच्या कडेला उभं केलं.

काम असं, की पुढचा डाव कोच आमच्या कानातल्या हेडफोनमध्ये सांगणार आणि आम्ही हातवारे करून तो कॉर्टला, म्हणजे पहिल्या क्वार्टरबॅकला, कळवायचा. समोरच्या संघाने इशारे ओळखू नयेत म्हणून आम्ही तिघं: लाल टोपी, हिरवी टोपी आणि मी. तिघांना वेगवेगळा डाव सांगायचे. त्यातला एक खरा, दोन खोटे. खरी टोपी कोणती हे दर सामन्यात बदलायचं. ते खेळणाऱ्या अकरा जणांना माहीत असायचं, आम्हा तिघांना नाही!

"तुम्हाला कळलं की तुमच्या थोबाडावर दिसतं," कोच म्हणाले. "खोटा असलास तर आळसावशील, खरा असलास तर थरथरशील. न कळलेलंच बरं."

आता तुम्ही म्हणाल, मग मैदानात कोणता डाव खेळले ते बघ की. अहो, बघितलं ना! मी लाकूड कापल्याचा इशारा केला, तर पाच जण उजवीकडे पळाले, चौघं डावीकडे, एक जागीच उभा आणि एक पंचावर जाऊन आदळला. आता हा कोणाचा इशारा? सात सामने हरलो, एक जिंकलो, आणि तो कसा जिंकलो हे कोचनाही कळलं नाही. माझ्या डोक्याचा नुसता भुगा झाला होता.

एकदा जेवणघरात कॉर्टला गाठलं.

"एवढंच सांग, मी एकदा तरी खरा होतो का?"

"कोचनी शपथ घातलीय, मिलो."

"तोंडाने नको सांगू. मान हलव."

त्याने मान हलवली. पण तोंडात अख्खा बर्गर कोंबलेला, त्यामुळे तो हो म्हणतोय, नाही म्हणतोय की नुसता चावतोय, काही कळेना.

तिकडे बाबांचं वेगळंच. वेल्बीत त्यांचं केस कापायचं दुकान आहे. गळ्याभोवती कापड बांधलेला माणूस उठून जाऊ शकत नाही, त्यामुळे अख्ख्या गावाला त्यांनी ऐकवून ठेवलेलं, "डाव आमचा मिलो पाठवतो. पिवळी टोपी तीच खरी." मी असं कधी म्हटलं नव्हतं. पण ते खरं नाही, असंही म्हटलं नव्हतं, आणि त्याची मला मनातून लाज वाटायची.

शेवटचा सामना घरच्या मैदानावर होता. त्या दिवशी शेवटच्या वर्षाची मुलं आईवडिलांना घेऊन मैदानात चालत जातात आणि कर्ण्यावरून नावं पुकारतात. बाबा लग्नाकार्याचा कोट घालून आले होते. चालता चालता कानाशी येऊन म्हणाले, "ते लाल-हिरवे नुसते दाखवायला ना?"

"बाबा, मला खरंच माहीत नाही."

"समजलो, समजलो. गुपित आहे." त्यांनी डोळा मारला. "दुकानात कोणाला बोलणार नाही."

रडावं की हसावं कळेना. मला दुसरं काही नको होतं हो. चार वर्षांत एकदा तरी माझ्या हातांकडे कोणीतरी खरोखर बघत होतं, एवढं कळायला हवं होतं. आणि त्यासाठी आता हा एकच सामना उरला होता.

शेवटची सात सेकंदं उरली. आम्ही चार गुणांनी मागे, चेंडू पलीकडे नेला की सहा गुण देणारी रेषा पाच यार्डांवर, आणि प्रयत्न शेवटचा. हेडफोनमध्ये कोच ओरडले, "लाल, डोकं! हिरवी, करवत! पिवळी—" आणि खर्रकन आवाज होऊन सगळं गप्प. मी वळून बघितलं, तर कोच माझ्याकडे पाठ करून पंचाशी भांडत होते. लाल टोपी डोकं थोपटत होती, हिरवी करवत चालवत होती. म्हटलं, मी खोटाच असणार, काय फरक पडतो! आणि मी गाय दोहली.

गाय दोहणं हा ऑगस्टमध्ये एकदाच सराव केलेला डाव. मला तो फार आवडायचा आणि कोचनी तो मोडीत काढला होता. सगळे उजवीकडे झेपावतात आणि ज्याच्याकडे कोणी बघत नाही तो जाडा ऑर्विल डावीकडे हळूच सटकतो.

चेंडू निघाला. दहाच्या दहा जण उजवीकडे झेपावले. ऑर्विल डावीकडे सटकला.

माझे हात तसेच हवेत राहिले. सबंध सीझनमध्ये पहिल्यांदा अकरा माणसं एकच डाव खेळत होती, आणि तो माझा होता. कॉर्टने फेकलं, ऑर्विलने छातीशी झेललं, वळला, पाय घसरला आणि रेषेच्या वीतभर अलीकडे आडवा झाला. शिट्टी वाजली. हरलो.

कॉर्ट गवतात पडला होता. मी धावत गेलो. "म्हणजे मीच होतो! सगळा सीझन मीच होतो का?"

"आज तू होतास. बाकीचं आठवत नाही रे," तो डोळे मिटून म्हणाला. "अर्ध्या वेळा मीच चुकीच्या टोपीकडे बघायचो."

कठड्यापाशी बाबा उभे होते, सोबत दुकानातली तीन गिऱ्हाइकं. बाबांचा चेहरा लालबुंद झालेला. "कोणी पाठवला तो गाढव डाव? लाल टोपीवाल्याचंच काम असणार!"

हो म्हटलं असतं तर सुटलो असतो.

"मी पाठवला, बाबा. कोचनी सांगितलेला नव्हता. माझ्या मनचा होता."

गिऱ्हाइकं बुटांकडे बघायला लागली. बाबा माझ्या हातांकडे बघत राहिले.

"त्या मुलांनी तुझं ऐकलं?"

"हो."

"अकराच्या अकरांनी?"

मला हो म्हणायचं होतं, पण रडूच फुटलं. मी नुसती मान हलवली.