अंजिराखालची खुर्ची

रबराचं बूच होतं ते. खुर्चीच्या पायाचं, काळं, एका बाजूनं झिजलेलं, आत माती घट्ट बसलेली. अंजिराच्या बुंध्याशी तण काढताना खुरप्याला लागलं तेव्हा तिला वाटलं, सुकलेलं फळ असेल... मग बोटांनीच ओळखलं. घड्याळवाल्यांच्या घडीच्या खुर्चीचं. हे बूच हरवल्यापासून ती खुर्ची लंगडायची, आणि साऱ्या गावाची घड्याळं सरळ करणारा तो शेजारी तिच्यात तिरपा बसायचा. त्यांना जाऊन दोन उन्हाळे झाले. बूच मात्र ताबा सोडायला तयार नाही, असं मनात येऊन ती एकटीच हसली.

ताबा हा शब्द सकाळपासून घरभर फिरत होता. स्वयंपाकघरामागची ही चिंचोळी पट्टी कागदोपत्री घड्याळवाल्यांची. पण सासऱ्यांनी कुंपण घातलं ते पट्टीच्या पलीकडून, आणि मग तिनं इथं अंजीर लावला, दोरी बांधली, मुलाची अंगडी-टोपडी वाळवली, पुढं नातवंडांची. आता घड्याळवाल्यांची लेक घर विकायला निघालेली. घेणाऱ्याला पट्टीसकट हवंय, अंजिराच्या जागी गाडी उभी करायला. मुलानं तिला समजावलं होतं, की कायद्यात सांगितलीत तेवढी वर्षं आपण मालकाला न जुमानता, उघडपणे जागा वापरली असेल तर ती आपली होते. प्रतिकूल ताबा म्हणतात. फक्त मधल्या काळात मालकानं इथं येऊन हक्क सांगितलेला नसावा.

न जुमानता! दूधवाल्यावर कधी आवाज चढवला नाही मी...

आणि घड्याळवाले तर यायचे. दरवर्षी, अंजीर पिकायला लागले की, दुपारी सगळे कामावर गेलेले असताना, खुर्ची बगलेत मारून. खुर्ची उघडायची, ऐटीत बसायचं आणि म्हणायचं, "वहिनी, मालकी बजावायला आलोय."

"बजावा की," ती म्हणायची, "पण पाय वर घ्या, पाणी सोडलंय."

मग ते चपला हातात धरून, पाय अधांतरी, लहान मुलासारखे बसून राहायचे. पाणी आळ्यात भरायचं. ती दोरीवरचे कपडे काढत असायची. ते दोन अंजीर खायचे, जास्त नाही... त्यांच्या बायकोच्या माघारी तर बोलणंही कमी झालं होतं. वर्षानुवर्षं ती याला थट्टा समजत आली. आज मुलाचं बोलणं ऐकताना लख्ख उजेड पडला, की त्यांना कायदा ठाऊक होता. लबाड! ते खरोखरच मालकी बजावत होते.

तिला राग यायला हवा होता. खुरपं बाजूला ठेवून तिनं वाटही पाहिली रागाची, आला नाही. कायद्यापुरतं दोन मिनिटं टेकलं असतं तरी भागलं असतं. मग उन्हं उतरेपर्यंत कशाला बसायचे ते, लंगड्या खुर्चीत, पाय वर धरून?

संध्याकाळी मुलानं बोलावलेल्या वकीलबाई आल्या. आत उकडत होतं म्हणून तिनंच खुर्च्या मागं, अंजिराखाली मांडायला लावल्या. स्वतः खुर्ची ओढून बुंध्याशी बसली, बरोबर तिथंच... मुलगा झाडाला पाणी सोडून आला आणि शेजारी बसत हळूच म्हणाला, "आई, एवढंच सांगायचं, कुणी आलं नाही." त्याच्या आवाजात काळजी होती, तिचीच. हे झाड गेलं तर आई कुठं बसेल, ही. खरं तर कुणी पाहिलं नव्हतं. ती नाही म्हणाली की नाहीच. मग अंजीर राहील, दोरी राहील, खिडकीतला हिरवा उजेड राहील. आणि त्या दुपारी? त्या झाल्याच नाहीत, असं आपल्या तोंडानं...

वकीलबाई फार मऊ बोलत होत्या. "आजी, घाई नाही. आठवून सांगा. इतक्या वर्षांत मालकापैकी कुणी इथं आलं होतं? येऊन बसलं, काही बोललं?"

आठवायला कशाला हवं होतं? वर अंजीर पिकले होते. वास येत होता. मुठीतलं बूच उबदार झालं होतं, आणि तिला वाटलं, कागदावर काहीही उतरो, ही पट्टी आपल्याला जेवढी मिळायची तेवढी कधीच मिळून गेलीय, आणि त्यांनाही. मुलगा तिच्याकडे बघत होता. पाणी आळं भरून काठावरून सांडलं, मातीतून चमकत पुढं सरकलं आणि खुर्चीपाशी पोचलं; आणि तोंडातून शब्द निघण्याआधी, कुणी न सांगता, तिनं चपला हातात घेतल्या आणि पाय वर उचलले.