मंत्र्याला बियर

मंत्री झाल्यावर अकराव्या दिवशी नुक्री गोगेलियानं सख्ख्या मामाला नोकरीवरून काढलं.

एकट्या मामाला नाही म्हणा. वाहन परवाना खात्यातली देशभरची सगळी माणसं एका सहीनं घरी बसवली आणि नवी पोरं भरली. पण गावाला देश दिसत नाही, मामा दिसतो. इरोदीमामा तेलावीच्या कचेरीत अठरा वर्षं खुर्चीवर होता आणि त्याचा हिशोब सरळ होता. मोटारीला डुकराचं एक पिल्लू, ट्रकला दोन. शेजारच्या बिचिकोला एका डोळ्यानं दिसत नाही आणि दुसऱ्यानं दिसतं ते त्याला पटत नाही, तरी त्याच्याकडे बसचा परवाना होता.

सोव्हिएत मोडलं तेव्हा नुक्री शाळेत भूमिती शिकवायचा. तिथून मोर्चे, मग संसद, मग मंत्रिपद. आता राजधानीत, तिबिलिसीत लोक म्हणत होते, पुढचा पंतप्रधान हाच. त्यासाठी आधी स्वतःच्या मतदारसंघातून निवडून यायचं होतं, आणि तिथं इरोदीमामा ज्याच्या नावानं वाइन उचलेल त्यालाच अख्खं गाव मत द्यायचं.

द्राक्षं उतरली, मतदान रविवारवर आलं, आणि गाव मांडवाखाली जेवायला बसलं. तमादा अर्थातच मामा. तमादा म्हणजे पंगतीचा राजा. तो बोलणार, मग बाकीच्यांनी प्यायचं, आणि त्याच्या परवानगीशिवाय कुणी तोंड उघडायचं नाही. वाइन उचलली तर आशीर्वाद. बियर उचलतात ती ज्याचं तोंड बघायचं नाही त्याच्या नावानं. मामानं आजवर तीन मंत्र्यांच्या नावानं बियर उचलली होती. तिघेही पडले.

देवाच्या नावानं झालं, मेलेल्यांच्या नावानं झालं, वेलीच्या नावानं झालं. मग मामा मिशी पुसत म्हणाला, "त्सिआला, बियर आण."

मामीनं जग आणून आदळला.

"आता मंत्र्याच्या नावानं," मामा म्हणाला. "भाच्या, अजून वेळ गेली नाही. कचेरी पुन्हा पहिल्यासारखी करतो, एवढं म्हण. ही बियर म्हशीला पाजतो."

प्रचार सांभाळायला राजधानीतून आलेल्या पातानं टेबलाखालून नुक्रीला लाथ घातली. "हो म्हणून टाका ना साहेब. रविवारनंतर कोण विचारतंय?"

नाही म्हटलं तर गाव गेलं, गावाबरोबर मतदारसंघ गेला. हो म्हटलं तर देशातले सगळे मामा उद्या दारात उभे. तो उठला.

"तमादा, बोलू का?"

"बोल."

नुक्रीनं स्वतःच जगमधून बियर ओतून घेतली. "हा मंत्री पक्का हलकट आहे. रक्ताच्या मामाला ओळखलं नाही त्यानं. आणि मी त्याला लहानपणापासून ओळखतो, कचेरी काही पहिल्यासारखी करायचा नाही तो. असल्या माणसाला बियरच पाहिजे." आणि गटागटा पिऊन ग्लास उपडा केला.

बिचिको खिदळला. मामानं बघितल्यावर गप्प झाला.

"म्हणजे नाही?" मामा म्हणाला.

"नाही मामा."

"मग ऐका मंडळी, रविवारी..."

"तमादा, मी बोलू का?" मामी जग पुसत उभी होती.

तीस वर्षांत मामीनं पंगतीत परवानगी मागितली नव्हती. मामा गोंधळून म्हणाला, "बोल."

"माझ्याकडे परवाना आहे. गाडीचा."

"कुणी दिला?"

"तुझ्या कचेरीनं. बहिणीकडे जाते म्हणून जायचे ना, ते तिथंच. दोनदा नापास केलं मेल्या नव्या पोरांनी. तिसऱ्या वेळी आपलं पिल्लू घेऊन गेले, तर काउंटरवरची पोरगी म्हणते, आजी, हे घरी न्या, नाहीतर पोलीस बोलवावे लागतील. मग काय, शिकले. पास झाले."

"अगं, मला सांगायचंस."

"अठरा वर्षं सांगत होते. तू म्हणायचास, बायकांना मागचं बघता येत नाही. आणि पिल्लं लोक तुला द्यायचे, त्यांची घाण काढायची कुणी? मी. या पोरानं ते बंद केलं. माझं मत त्याला. तुला काय उचलायचं ते उचल."

मांडवातल्या बायकांनी आधी एकमेकींकडे बघितलं, मग आपापल्या नवऱ्यांकडे. नवरे ताटात बघायला लागले.

मामानं मिशी ओढली. काहीही झालं तरी तो तमादा होता, आणि पंगत अर्धी सोडायची नसते. त्यानं शिंगाचा प्याला वाइननं काठोकाठ भरला.

"त्सिआलाच्या नावानं," तो म्हणाला. "तिसऱ्या खेपेला का होईना, पास झाली. पिल्लू न देता पास झालेलं आमच्या घराण्यातलं पहिलंच माणूस."

रविवारी मामीनं म्हाताऱ्याकोताऱ्यांना गाडीतून केंद्रावर नेलं, सात फेऱ्या मारल्या. मामा शेजारी बसून वळण आलं की डोळे मिटत होता. गावात नुक्रीला दोनशे एकतीस मतं पडली, विरोधकाला अठ्ठ्याण्णव. मामाचं मत कुणाला पडलं हे त्याला विचारायची सोय नाही. नुक्रीनं एकदा विचारून बघितलं.

"गुप्त मतदान आहे ना?" मामा म्हणाला. "तुमच्याच सुधारणा. पाळा."