डॅरिलचा अंगठा आणि मी

मी दाबमापक बोलतोय. रक्तदाबाचा नव्हे हो! त्याला सगळं जग ओळखतं, त्याच्यापुढे लोक बाही वर करून मुकाट बसतात. मी श्वासनळीतल्या फुग्याचा दाब मोजणारा. आमचं नावसुद्धा कोणाला ठाऊक नसतं, आणि खरं सांगतो, त्याचं मला वाईट वाटतं.

तळहातावर मावेल एवढी गोल तबकडी, खाली रबरी चेंडू, बाजूला हवा सोडायचं बटण, असा माझा अवतार. माणसाला बरेच दिवस यंत्राने श्वास द्यायचा असला की गळ्याला भोक पाडून आत नळी घालतात. नळीच्या आतल्या टोकाभोवती एक फुगा असतो, त्याला इंग्रजीत कफ म्हणतात, खोकल्यातला कफ नव्हे. तो फुगवला की नळीच्या कडेची फट बुजते. त्याला बारीक नळीने जोडलेला, बोटाच्या पेराएवढा त्याचाच एक भाऊ बाहेर छातीवर लोंबत असतो. त्याला मला जोडायचं आणि काटा बघायचा. काटा वीस ते तीसच्या मध्ये असला तर ठीक. कमी असला तर लाळ फुप्फुसात उतरते, जास्त असला तर श्वासनळीची आतली कातडी रक्तावाचून मरते. संपलं माझं शास्त्र. दहा सेकंदांचं काम आहे.

कारखान्यात एका बाईंनी मला सात वेळा तपासून पास केलं. पुढे कितीतरी दिवस मला सात वेळा कोणी हातात घेतलं असेल तर शपथ! खोक्यात बसून मी ऑन्टारिओच्या उत्तरेला, मोठ्या तळ्याकाठच्या या गावात आलो. इथल्या इस्पितळात श्वासविभागाच्या प्रमुख पॅमबाईंनी माझं स्वागत केलं, फोटो काढला आणि त्याचं पोस्टर केलं. ‘कफ मोजलात का?’ पोस्टर सात ठिकाणी लागलं. मी मात्र एकच होतो, त्यामुळे सारखा हरवायचो. एकदा कोणाच्या कोटाच्या खिशातून घरी गेलो, एकदा कँटीनमध्ये सूपच्या पातेल्यामागे सापडलो.

तिसऱ्यांदा हरवलो तेव्हा पॅमबाई म्हणाल्या, “इतकी महत्त्वाची वस्तू अशी वाऱ्यावर सोडायची नाही.” मग मीटिंगच्या खोलीसमोर काचेचं कपाट आलं, कपाटाला कुलूप आलं, आणि किल्ली पॅमबाईंच्या गळ्यात गेली. मला बाहेर काढायचं तर दोन पानांचा फॉर्म. आता रोज तीन पाळ्या, प्रत्येक पेशंटमागे दोन पानं, कोण भरतंय! मी काचेआड मखरात बसल्यासारखा बसलो आणि वॉर्डात माझं काम डॅरिलच्या अंगठ्याकडे गेलं.

डॅरिल मॅकनॉटन हा तिथला जुना श्वासतज्ज्ञ. बावीस वर्षांची नोकरी, स्वभावाने लोण्याचा गोळा. पेशंटला हसवेल, त्याच्या कुत्र्याची चौकशी करेल, पण मोजायचं म्हटलं की अंगठा आणि तर्जनीत तो बाहेरचा फुगा दाबून म्हणायचा, “झकास. पंचवीस.”

नवीन आलेल्या पोरींनी विचारलं की हा वर म्हणे, “हातच्या कांकणाला आरसा कशाला?” पोरीही शिकल्या. दाबायचं आणि संगणकात लिहायचं, पंचवीस. वॉर्डभर पंचवीस! म्हाताऱ्याचं पंचवीस, तरण्याचं पंचवीस. एका बाईची नळी बदलून बिनफुग्याची घातली होती, तिचंही चार दिवस पंचवीसच. वर्षाच्या शेवटी इस्पितळाला प्रशस्तिपत्र मिळालं, शंभर टक्के नोंदी, एकही आकडा हद्दीबाहेर नाही. ते माझ्या कपाटाशेजारी टांगलं. काचेतून ते वाचत मी दिवस काढले, आता काय बोलायचं!

त्या हिवाळ्यात रेयनो लाम्पी आला. गावात त्याला सगळे कप्तान म्हणत. बर्फावरून दगड सरकवायचा इथला जो खेळ, त्यात तो चाळीस वर्षं संघाचा कप्तान. कप्तानाने पलीकडच्या टोकाला उभं राहून ओरडायचं आणि त्या ओरडण्यावर गड्यांनी दगडापुढचा बर्फ झाडूने घासायचा. रेयनोची आरोळी म्हणे शेजारच्या चर्चमध्ये ऐकू जायची. न्यूमोनियाने छाती भरली, गळ्यात नळी आली आणि आवाज बंद झाला. तो पाटीवर लिहून बोलायचा. पहिल्याच दिवशी त्याने डॅरिलला लिहून विचारलं होतं, “मार्चच्या सामन्यात ओरडता येईल ना?” डॅरिल म्हणाला, “काच फुटेल इतकं.”

पाचव्या आठवड्यापासून कप्तान पाटीवर एकच गोष्ट लिहू लागला. “गळ्यात आतून कोणीतरी मूठ आवळतंय.” झालं होतं असं की नळीपाशी थोडी हवा फुसफुसायची. जो येई तो सिरिंजने फुग्यात अजून थोडा वारा भरून जाई. आपल्याआधी किती जणांनी भरलाय हे कोण विचारतो? संगणकात तर पंचवीसच होतं.

कप्तानाची बायको आइला रोज दुपारी यायची. नवरा खेळात आणि हिचं टायरचं दुकान, तीस वर्षं एकटीने चालवलेलं. त्या दिवशी नळीतून ओढून काढलेल्या चिकट स्रावात तिला रक्त दिसलं. तिने तो छातीवरचा फुगा चिमटीत धरला. गोटीसारखा टणक.

“अरे डॅरिल, हे पंचवीस म्हणतोस तू?”

“मिसेस लाम्पी, बावीस वर्षांचा अंगठा आहे हा.”

“बाळा, टायरला लाथ मारून हवा सांगणारे तीन जण मी कामावरून घरी पाठवलेत. त्यांचेही पाय अनुभवीच होते. मोजायला काही आहे का तुमच्याकडे?”

“आहे ना. उत्तम आहे. कपाटात.”

“मग काढ की!”

“किल्ली पॅमकडे. ती मीटिंगमध्ये आहे.”

“कसली मीटिंग?”

डॅरिल जरा खाकरला. “कफच्या दाबाचीच.”

तिथून पुढचं मी डोळ्यांनी पाहिलं. मीटिंगची खोली काचेची आणि माझं कपाट समोरच. आत प्रशस्तिपत्राचा केक कापणं चाललं होतं. आइला बर्फाने ओल्या बुटांनिशी गालिच्यावरून थेट आत गेली.

“सॉरी हं, ही बंद मीटिंग आहे,” पॅमबाई म्हणाल्या.

“माझ्या नवऱ्याचा गळाही बंद होत चाललाय. किल्ली दे.”

“त्याचा एक फॉर्म आहे, मिसेस लाम्पी...”

“भर तू. तोवर मी मोजून घेते.” आणि बाईंच्या गळ्यातली किल्लीची दोरी तिने डोक्यावरून काढूनच घेतली. केकचा तुकडा तोंडाशी धरून सगळी समिती बघत राहिली. आपला तर ऊर भरून आला हो!

डॅरिलने मला जोडलं. माझा काटा उठला, तीस ओलांडून गेला, पन्नास गेला आणि सत्तरावर थांबला. मला आनंद व्हायला हवा होता, इतक्या दिवसांनी काम मिळालं होतं. पण कप्तान माझ्याकडे टक लावून बघत होता, आणि मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. या गावात माणसं दाराला धक्का लागला तर दाराला सॉरी म्हणतात. त्या दिवशी डॅरिलच्या तोंडून तो शब्द निघेना. त्याने नुसतं बटण दाबलं, हळूहळू वारा सोडला आणि काटा खाली पंचविसावर आणला. कप्तानाने डोळे मिटले. आवळलेली मूठ सुटली असणार.

मग डॅरिल संगणकाशी गेला. सत्तर लिहिलं. चौकट लाल झाली. ‘आकडा अशक्य. वीस ते तीसमधला आकडा लिहा.’ त्याने पुन्हा लिहिलं, पुन्हा लाल. शेवटी त्याने पंचवीस लिहिलं, आणि गंमत बघा, त्या घटकेला ते खरं होतं! सत्तर गेलं कुठे ते कोणीच विचारलं नाही.

विचारलं ते आइलाने, लेखी तक्रार करून. समिती बसली. एका बाजूला कप्तानाच्या सहा आठवड्यांच्या एकशे सव्वीस नोंदी, सगळ्या पंचवीस. दुसऱ्या बाजूला मी एकटा. डॅरिल म्हणाला, “अहो, मी स्वतः पाहिलंय.” पॅमबाई म्हणाल्या, “तुझ्याच सहीच्या चाळीस नोंदी आहेत डॅरिल, त्या खोट्या म्हणतोस का?” डॅरिल खाली बसला. समितीने एकमताने ठरवलं की दाबमापक बिघडलाय. माझ्या गळ्यात पिवळी चिठ्ठी बांधली, ‘चुकीचे आकडे दाखवतो’, आणि मला तळघरातल्या दुरुस्तीखान्यात धाडलं. चोर सोडून संन्याशाला सुळी!

तिथल्या मारिसेलने मला तिच्या यंत्राला जोडून तीनदा तपासलं. “काही झालेलं नाही रे बाबा तुला,” ती म्हणाली आणि तसा अहवाल लिहिला. अहवाल समितीकडे गेला. समितीची पुढची बैठक उन्हाळ्यानंतर.

आठवडाभराने डॅरिल खाली आला. दाढी वाढलेली. कप्तानाच्या गळ्यात कॅमेरा घालून पाहिलं होतं. फुगा होता तिथे बांगडीसारखा गोल व्रण, आणि त्या जागी श्वासनळी आकसू लागलेली.

“मारिसेल, तो दे मला.”

“चिठ्ठी लागलेली वस्तू देता येत नाही, डॅरिल.”

“मग मी चोरतो. तू खिडकीबाहेर बघ.”

“तळघराला खिडकी कुठली?” असं म्हणून ती भिंतीकडे तोंड करून उभी राहिली.

तेव्हापासून मी डॅरिलच्या गळ्यात आहे. कागदोपत्री मी बिघडलेला आहे, तळघरात आहे. प्रत्यक्षात त्याच्या दर पाळीला वॉर्डभर फिरतो, चौतीसवाल्याचा वारा काढतो, अठरावाल्याला भरतो. पोरींना डॅरिल आता अंगठा दाखवत नाही. संगणकात अजून लाल चौकट येते, म्हणून खरे आकडे तो खडूने फळ्यावर लिहितो. पॅमबाई रोज ते पुसून घेतात.

कप्तान मार्चच्या आधीच घरी गेला. नळी निघाली, आवाज आला, पण आरोळी आली नाही. आकसलेल्या जागेतून तेवढा वारा निघत नाही. त्या सामन्यात तो बर्फाच्या टोकाला उभा राहून पुटपुटत होता आणि त्याच्या मागे उभी राहून आइला ओरडत होती, असं डॅरिलने इथे सांगितलं.

एप्रिलमध्ये कप्तान तपासणीला आला आणि वॉर्डात डोकावला. डॅरिल तिथल्या तिथे उठला. “कप्तान, सॉरी. माझ्या अंगठ्याने तुझा आवाज घेतला.” या वेळी शब्द अडला नाही. कप्तानाने काही तरी म्हटलं, ते ऐकू येईना. डॅरिलला त्याच्या तोंडाशी कान न्यावा लागला.

माफ केलं वगैरे काही नव्हतं ते. त्याने आपल्या जुन्या खाटेकडे बोट केलं होतं. तिथे एक ट्रकचालक झोपला होता, गळ्यात नळी.

“त्याचा,” कप्तान कुजबुजला, “मोजलास?”

“हो, आत्ताच. सव्वीस.”

“पुन्हा मोज. मला बघू दे.”

डॅरिलने मला जोडलं. दोघं खाली वाकून माझ्या तबकडीकडे बघत राहिले. वाचकहो, तुमच्या माणसाच्या गळ्यात कधी नळी असली आणि कोणी ‘सगळं ठीक आहे’ म्हणालं, तर तुम्हीही असंच वाका. माझ्या तोंडावर काय लिहिलंय ते स्वतः वाचा.