काही दाखवलेले नाही

एतेल्का वामोशच्या पत्राला बर्नाबाश सेंद्रेईने उत्तर दिले नव्हते. पत्र आले तेव्हा चौकातल्या एकुलत्या एक झाडाला पालवी फुटत होती. आता त्याच झाडाची पाने शेजारच्या बिऱ्हाडातल्या इलुशबाई रोज सकाळी शिव्या देत झाडत होत्या. मधल्या काळात त्याने ते पत्र टेबलाच्या खणात ठेवून पाहिले, कपाटावर ठेवून पाहिले, शेवटी शब्दकोशाच्या एका जाड खंडात दडपून टाकले. काही उपयोग झाला नाही. मजकूर त्याला पाठच झाला होता.

'बार्नाकाका,' एतेल्काने लिहिले होते, 'आई आता थकली आहे. बाबांच्या थडग्याच्या दगडावर तिला मिक्शासाठी काहीतरी कोरून घ्यायचे आहे. त्याचे नाव घालता येत नाही, तारीख घालता येत नाही. म्हणून तिला तुमचे ते वाक्य हवे आहे. पाथरवट विचारतो की वाक्य असेच आहे ना, त्यात काही चूक नाही ना. ते कळवा. आणि मला एक सांगा. ते वाक्य तुम्ही मिक्शासाठी लिहिले होते का? आईला मी तसेच सांगितले आहे, कारण त्या हिवाळ्यात तिला काहीतरी सांगणे भाग होते. तुम्हाला मात्र मी कधी विचारले नाही. आता दगडाचा प्रश्न आहे, पडद्याचा नाही. उपमा नको, दृष्टान्त नको. हो किंवा नाही, एवढेच. तुमचे उत्तर येईपर्यंत दगडाला छिन्नी लावू देणार नाही.'

मिक्शा हा एतेल्काचा धाकटा भाऊ. बुडापेस्टच्या शब्दकोश कार्यालयात तो बार्नाच्या, म्हणजे बर्नाबाशच्या, समोरच्या टेबलावर बसायचा. हुशार, तोंडाळ, बोटांना कायम शाई लागलेली. सरकारविरुद्ध उठाव होऊन रस्त्यांवर रशियन रणगाडे फिरले त्या शरदात तो कुठल्याशा गल्लीत बंदूक घेऊन उभा होता म्हणे. पुढच्या वर्षी त्याला फाशी दिले. कुठे पुरले ते आईलाही सांगितले नाही. कार्यालयात दुसऱ्याच दिवशी त्याच्या टेबलावर शब्दांच्या चिठ्ठ्यांची खोकी रचली गेली आणि त्याचे नाव कोणी काढेनासे झाले. बार्नानेही काढले नाही. तो मुळातच भिडस्त माणूस. दुकानात सुटे पैसे कमी मिळाले तरी परत मागायला त्याची जीभ रेटत नसे.

एतेल्का चित्रे काढायची. त्या वर्षी तिने एकच चित्र काढले. तीन उभे काळे पट्टे, त्यांच्यावरून एक आडवा, आणि खाली कोपऱ्यात पिवळ्या रंगाचा एक ठिपका. वर्षाला निदान एक चित्र सरकारी कला समितीपुढे ठेवले नाही तर रंग आणि कॅनव्हास मिळणे बंद व्हायचे. दुसरे काही नव्हते म्हणून तिने तेच ठेवले. नावाच्या रकान्यात लिहिले : नॉनफिगुरातीव.

तिकडे हा शब्द तेव्हा सगळ्यांच्या तोंडी होता, पण जपून. ज्या चित्रात ओळखू येईल अशी आकृती नसते त्याला तो लावायचे. ज्या बोलण्यात उपमा-रूपक नसते, शब्दाचा जेवढा अर्थ तेवढाच घ्यायचा असतो, त्यालाही लावायचे. समितीतल्या कोणीतरी कुजबुज केली की हे पट्टे काही भलतेच दाखवताहेत. तेव्हा समितीने शब्दकोश कार्यालयाला विचारणा केली : या शब्दाचा नेमका अर्थ काय? 'न' अक्षराचे काम बार्नाकडे होते. कागद त्याच्या टेबलावर आला.

दुसऱ्या दिवशी एतेल्का कार्यालयाच्या जिन्यात त्याची वाट पाहत उभी होती.

"काका, तुमच्याकडे कागद येईल."

"आला."

"मग पहिलं वाक्य लिहा आणि थांबा."

"थांबा म्हणजे?"

"तुम्हाला थांबता येत नाही. मिक्शाच सांगायचा. म्हणायचा, बार्नाकाकांना कोणी पाणी म्हणजे काय असं विचारलं, तर ग्लास भरून वाहिला तरी त्यांचं ओतणं चालूच."

बार्ना हसला. ती हसली नाही.

"चित्रात काहीही दाखवलेलं नाही, एवढं लिहा. ते नाकं मुरडतील, नापास करतील, माझ्या अंगावर फेकतील. फेकू देत. मला ते घरी न्यायचंय. कळलं का, काका? मला ते फक्त परत हवंय."

"कळलं," बार्ना म्हणाला. खरेच कळले होते त्याला.

टेबलाशी बसून त्याने पहिले वाक्य लिहिले : 'ज्यात ओळखू येणारी कोणतीही वस्तू दाखवलेली नसते असे (चित्र).' नेहमीसारखेच वाक्य होते, वाळलेल्या पावासारखे. अशी हजारो वाक्ये त्याने आयुष्यभर लिहिली होती. वरचे लोक त्यांची काटछाट करायचे आणि छापून येताना त्यांच्याखाली कोणाचेच नाव नसायचे. त्याने टाक पुसला. आणि मग, त्याने न बोलावता, दुसरे वाक्य आले. एकही शब्द इकडचा तिकडे करावा लागला नाही. 'काही दाखवलेले नाही, म्हणून काही सांगायचे नाही, असे नव्हे.'

त्याने ते हळू आवाजात वाचून पाहिले. पुन्हा वाचले. असे वाक्य आपल्या हातून उतरेल असे त्याला कधी वाटले नव्हते. जिन्यातली एतेल्का त्याला आठवत होती. ती समोर उभीच होती म्हणा ना. तरीही त्याने कागदावर टीपकागद दाबला. दाबता दाबता मनात आले की मिक्शाला हे वाक्य आवडले असते. हे नंतर मनात आले, आधी नाही. हा क्रम त्याला पक्का ठाऊक होता, आणि पुढे कितीही वर्षे गेली तरी तो क्रम उलटा करणे त्याला जमले नाही.

समितीच्या बैठकीला त्याला बोलावले होते. तो मागच्या खुर्चीवर बसला. अध्यक्ष हालमोश हा गुबगुबीत, खेळकर माणूस होता. त्याने बार्नाने लिहून पाठवलेले मत मोठ्याने वाचले. दुसऱ्या वाक्याशी आला तेव्हा तो थबकला आणि त्याने ते पुन्हा एकदा, चवीने वाचले. बार्नाचे कान तापले. आणि त्या क्षणी त्याने काय केले? एतेल्काकडे पाहिले नाही. वाक्य कोणाकोणाला आवडले ते पाहायला त्याने हळूच मान वळवली.

"वा," हालमोश म्हणाला. "शब्दकोशवाल्यांनी आमची सोय केली. दाखवलेलं काही नाही, पण सांगायचं आहे! मग सांगा की बाई. काय सांगायचंय?"

एतेल्का उभी राहिली. चित्र भिंतीशी टेकवून ठेवले होते.

"काही नाही."

"असं कसं? इथं लिहिलंय. सरकारी शिक्का आहे. काही सांगायचं नसतं तर तसं लिहिलं असतं त्यांनी. नाही का हो, सेंद्रेई?"

बार्ना खुर्चीत पुढे सरकला. त्याने मान हलवली. होकाराची की नकाराची, ते त्यालाही कळले नाही.

"हे उभे खांब कसले?" हालमोशने बोट दाखवले. "आणि हा आडवा? तुमच्या घरात कोणी सुतार आहे का? की होता?"

एक बाई फिसकन हसली. मग फासाचा खांब तिच्याही लक्षात आला असावा, तिने तोंडावर हात धरला. एतेल्काने चित्राकडे पाहिले आणि फार साध्या आवाजात म्हणाली, "हा कापडाचा नमुना आहे. पडद्याचा. स्वयंपाकघराच्या."

"पडद्याचा!"

"हो. हे असं शेजारी शेजारी छापायचं. ओळीनं."

हालमोशला खदखदून हसू आले. इतके की डोळ्यांत पाणी आले. "अहो, मग आधी नाही का बोलायचं! आम्ही इथं तुमच्यासाठी वकील शोधायला निघालो होतो. पडदे तर हवेतच लोकांना. घ्या हो, लिहून घ्या. शब्दन् शब्द लिहा. बाई म्हणतात पडदा, तर पडदा."

शब्दशः तसेच झाले. चित्र कापड गिरणीत गेले. तिथे साच्यासाठी त्याचे तुकडे केले आणि मग ते फेकून दिले. एतेल्कालाही गिरणीतच नमुने आखायच्या कामाला लावले, दूर मैदानी मुलखातल्या एका गावी. पुढच्या उन्हाळ्यात कापड दुकानांत आले. तीन उभे पट्टे, एक आडवा, पिवळा ठिपका. पुन्हा तीन उभे, एक आडवा. स्वस्त होते, धुतल्यावर रंग जात नव्हता. इलुशबाईंनी रांगेत उभे राहून आणले.

इलुशबाई ट्रामवर तिकिटे फाडायच्या. नवरा युद्धात गेलेला. सरकारने एका घरात दोन बिऱ्हाडे घातली तेव्हापासून स्वयंपाकघर त्यांचे आणि बार्नाचे सामाईक.

"बघा मास्तर, कसं उजळलं घर!" स्टुलावर चढून पडदा अडकवत त्या म्हणाल्या होत्या. "आमच्या डेपोतल्या तारांच्या खांबांसारखं दिसतंय ना? आणि हा आपला दिवा."

"छान आहे," बार्ना म्हणाला होता.

त्यानंतर तो रोज त्या पडद्याखाली जेवला. आणि दर नाताळला एतेल्काच्या आईकडून एक पार्सल यायचे. खसखशीचा गोड रोल, स्वच्छ फडक्यात बांधलेला. सोबत चिठ्ठी : 'माझ्या मुलासाठी दोन शब्द लिहायची ज्याला भीती वाटली नाही त्याला.' पहिल्या वर्षी त्याने रोल इलुशबाईंना देऊन टाकला. दुसऱ्या वर्षी एक तुकडा खाल्ला. तिसऱ्या वर्षापासून तो नाताळ जवळ आला की टपालवाल्याची वाट पाहू लागला. रोल खरोखरच चांगला असायचा.

आणि आता, मृतांच्या दिवसाला, म्हणजे थडग्यांवर फुले वाहायच्या सणाला, आठवडा राहिला असताना एतेल्काची आई स्वतःच आली. काळा रुमाल, हातात पिशवी, पिशवीत रोल. इलुशबाईंनी तिला स्वयंपाकघरात बसवले आणि कॉफी टाकली. बार्ना दारात येऊन उभा राहिला तशी म्हातारी उठली आणि तो मागे सरायच्या आत तिने त्याचा हात ओठांना लावला.

"अहो, हे काय!"

"असू दे हो. लाजताय कशाला? एतेल्का म्हणाली, त्यांचं उत्तर नाही आलं. मी म्हटलं, मोठा माणूस आहे, संकोची आहे. आपल्याच वाक्याला आपण कसं चांगलं म्हणणार?" ती बसली. "पाथरवट चिडलाय माझ्यावर. दगड घासून तयार आहे. म्हणतो, मावशी, पाऊस लागला की मी कोरणार नाही. पण पोरगी हट्टाला पेटलीय. तुमची ओळ आल्याशिवाय नाही म्हणते. टाकाल ना दोन ओळी?"

"टाकतो."

"मला एकच हवंय. तिथं उभं राहिलं की वाटावं, कोणीतरी बोललं होतं त्याच्याबद्दल. आई सोडून कोणीतरी." तिने डोळे टिपले. मग वर पाहून म्हणाली, "पडदा किती गोड आहे हो. आमच्याकडे असं कधी मिळालंच नाही."

बार्नाने खुर्चीची पाठ धरली. एतेल्काने ते चित्र आईला कधी दाखवलेच नव्हते.

"जुना झालाय," इलुशबाई खुशीत म्हणाल्या. "पण त्यातलं उरलेलं कापड आहे माझ्याकडे, कोरं. थांबा." त्यांनी फळीवरून घडी काढली आणि म्हातारीच्या मांडीवर ठेवली. "न्या. टेबलावर घाला."

"नको," बार्ना म्हणाला.

दोघी त्याच्याकडे पाहू लागल्या.

"का हो मास्तर? तुमच्या खिशातून जातंय का?"

त्याने तोंड उघडले. एक वाक्य पुरले असते. म्हातारी घडीवरून हात फिरवत होती, पिवळ्या ठिपक्यांवर तिचे बोट थांबत होते.

"नाही. न्या," तो म्हणाला. "चांगलं टिकतं."

ती गेल्यावर तो टेबलाशी बसला. एका कागदावर त्याने लिहिले : 'नाही. वाक्य मला आवडले म्हणून मी ते लिहिले.' तो कागद पुढ्यात असतानाच त्याला तयार दगड दिसला आणि दगडापुढे उभी म्हातारी. त्याने कागद शेगडीत घातला. दुसऱ्यावर लिहिले : 'हो. मिक्शासाठी.' या कागदाकडे तो जास्त वेळ पाहत बसला. आयुष्यभर दुसऱ्यांच्या शब्दांचे खोटे अर्थ त्याने लाल शाईने खोडले होते. आणि एतेल्का काही आई नव्हती, ती ओळखणार होती. तोही शेगडीत गेला. मग त्याने साधे पोस्टकार्ड घेतले आणि एका दमात लिहून टाकले. पत्ता घातला, तिकीट चिकटवले.

इलुशबाई भांडी विसळत होत्या. हात पुसता पुसता त्यांनी कार्ड उचलून वाचले. पोस्टकार्ड वाचायला या घरात कोणी परवानगी मागत नसे.

"'वाक्य बरोबर आहे. कोरायला हरकत नाही.'" त्यांनी कार्ड उलटून पाहिले, मागे आणखी काही आहे का ते बघायला. "वसंतापासून एवढ्यासाठी कण्हत होता तुम्ही?"

"हो."

"तिनं हेच विचारलं होतं?"

"हेही विचारलं होतं," बार्ना म्हणाला आणि कोट घालू लागला.

"आणि दुसरं काय?"

त्याने गळ्यातला मफलर नीट केला, कार्ड त्यांच्या हातातून घेतले. जिना उतरताना तो कठड्याला धरून उतरला, गुडघे दुखत होते. कोपऱ्यावर शेवंतीची फुले विकणारी बाई बसली होती. तिने त्याला हाक मारली, "मास्तर, न्या की एक जुडी, मृतांचा दिवस आलाय! तुमचं कोणी नाही का?" त्याने नाही म्हणून मान हलवली. टपालपेटीचे झाकण गंजले होते, ते त्याला दोन्ही हातांनी उचलावे लागले. कार्ड आत पडल्याचा आवाज आला नाही, म्हणून त्याने झाकण पुन्हा उघडून पाहिले. कार्ड गेले होते.