संशय असल्यास नाव लिहा

तीनशे पंचेचाळीस रुपयांसाठी एवढा आटापिटा कशाला, असं माझी बायको अर्पिता पहिल्या दिवसापासून म्हणत होती. मी तिला म्हणालो, प्रश्न पैशांचा नाही, तत्त्वाचा आहे. आम्हा शिक्षकांच्या तोंडात हे वाक्य कायम तयार असतं. तिनं त्याच वेळी मला घट्ट धरून घरात बसवायला हवं होतं, पण ती बिचारी भाकरी थापत होती.

मी माकणीच्या शाळेत शिकवतो. पगार लोहाऱ्याच्या बँकेत जमा होतो आणि गावातलं एटीएम कधी चालू तर कधी बंद, बहुतेक वेळा बंदच. त्यामुळं आमच्या गल्लीत एक पद्धत पडून गेली आहे. भावकीतले बब्रुवानकाका रोज सकाळी मोटारसायकलला दुधाचे कॅन अडकवून लोहाऱ्याला जातात. ज्याला पैसे हवेत त्यानं कार्ड काकांकडं द्यायचं, किती आणायचे ते सांगायचं, दुपारी कार्ड आणि नोटा घरपोच. बारा घरांची कार्डं त्यांच्या बंडीच्या आतल्या खिशात असतात आणि बारा घरांचे पिन त्यांना तोंडपाठ आहेत. एकाच घरात दोन-तीन कार्डं झाली तेव्हा त्यांची पंचाईत होऊ लागली, म्हणून तोडगाही त्यांनीच काढला. एका घराला एकच पिन. आमच्या घरात माझं आणि मुलीचं अशी दोन कार्डं, दोन्ही एकाच बँकेची, दोन्ही निळी, दोन्हींवर नाव छापलेलं नाही आणि पिनही एकच. बँकवाल्यांना कळलं असतं तर त्यांनी कपाळावर हात मारला असता. पण इतक्या वर्षांत कुणाचा एक रुपया इकडचा तिकडं झाला नव्हता.

दिवाळीची सुट्टी संपून तीन आठवडे झाले होते. मी काकांना कार्ड देऊन पाच हजार आणायला सांगितले. दुपारी ते रिकाम्या हातानं आले आणि खात्यात पैसे कमी आहेत असं मशीन म्हणतंय, असं सांगू लागले. पगार नुकताच झालेला. मी पावती मागितली, तर मशीनमधला कागद संपला होता म्हणे. काकांनी कार्ड माझ्या हातात ठेवलं आणि ते पुढच्या घरी गेले. माझ्या डोक्यात मात्र किडा वळवळायला लागला.

दुसऱ्या दिवशी अर्धी रजा टाकून मी बँकेत गेलो आणि खात्याचा उतारा काढला. शिल्लक एकेचाळीस हजार. म्हणजे पैसे होते. मग काका असं का म्हणाले? आणि वर खाली बघत गेलो तर उताऱ्यात तेरा नोंदी अशा, की ज्यांचा मला काही पत्ताच लागेना. वीस रुपये, तीस रुपये, पंचवीस रुपये, पुन्हा तीस. प्रत्येक नोंदीपुढं इंग्रजीत कसल्याशा व्हेंड सर्व्हिसेसचं नाव आणि बेंगळुरू. मी जन्मात बेंगळुरूला गेलेलो नाही.

तिथून पुढचे चार दिवस माझा नुसता भुगा झाला. मदतीच्या नंबरवर फोन लावला की एक बाई मराठीसाठी तीन दाबा म्हणायची, तीन दाबलं की हिंदीत बोलायची. कार्डाच्या तक्रारीसाठी दोन दाबलं की बासरी वाजायची. अकरा मिनिटं बासरी ऐकल्यावर एक मुलगा आला आणि म्हणाला, बँकेत नोंदवलेल्या नंबरवरून फोन करा. बँकेत माझा जुना नंबर होता, तो बंद पडून दोन वर्षं झाली होती. तो बदलायला शाखेत जा. शाखेत गेलो तर आज सर्व्हर डाउन. दुसऱ्या दिवशी गेलो तर आधारची झेरॉक्स हवी. झेरॉक्सवाल्याकडं लाईट नाही. वर्गातल्या पोरांनी एवढी टोलवाटोलवी केली असती तर मी त्यांना बाकावर उभं केलं असतं.

शेवटी काउंटरवरच्या मॅडमनी उतारा नीट बघितला. त्यांनी समजावून सांगितलं की ही व्हेंडिंग मशीनची बिलं आहेत. काचेचं कपाट असतं, कार्ड टेकवलं की आतून बिस्किटाचा पुडा नाहीतर दुधाची बाटली खाली पडते. कपाट कुठंही असू शकतं, बिलावर मात्र कंपनीचा पत्ता येतो. रक्कम लहान असली की पिनही लागत नाही. मी म्हणालो, आमच्या माकणीत धरण आहे, असलं कपाट नाही. मॅडमनी विचारलं, कार्ड तुमच्याजवळच आहे का? मी खिशातून काढून त्यांच्या नाकासमोर धरलं. त्यांनी मान हलवली आणि विचारलं, मग दुसऱ्या कुणाच्या हातात जातं का? कधी कधी लोक नंबर उतरवून घेतात.

माझ्या डोक्यातला किडा तिथं बाहेर पडला. पैसे असताना नाहीत म्हणून सांगणारा माणूस एकच होता.

फॉर्म दोन पानी होता. हे व्यवहार मी किंवा माझ्या घरातल्या कुणी केलेले नाहीत, खाली सही. मी झोकात सही केली. त्याच्याखाली एक रकाना होता, संशय असल्यास नाव लिहा. तो रिकामा ठेवला तरी चालतो, असं मॅडम म्हणाल्या होत्या. हे मी आज मान्य करतो. पण चार दिवसांचा राग होता, बासरी होती, झेरॉक्स होती. मी सुवाच्य अक्षरात काकांचं पूर्ण नाव, गावासकट, लिहून टाकलं. मॅडमनी माझ्या खात्याला जोडलेलं कार्ड संगणकात शोधून बंद केलं आणि तशी पावती दिली. बाहेर येताना मला फार मोकळं वाटलं.

घरी आल्यावर अर्पिताला सांगितलं. तिनं हातातलं भांडं खाली ठेवलं.

"काकांचा फोन बटणाचा हाय," ती म्हणाली. "त्यांना आलेला इंग्रजी मेसेजबी मी वाचून दाखवते. ते कसं करतील हे?"

मी म्हणालो, त्यांच्यामागं दुसरं कुणी असेल. असं म्हणताना मला स्वतःचीच थोडी लाज वाटली, पण एकदा फॉर्म भरल्यावर माणूस मागं कसा येणार?

दोन दिवसांनी बँकेनं काकांना बोलावून घेतलं. ते रोज त्या शाखेच्या एटीएमवर जाणारे, तिथल्या शिपायापासून सगळे त्यांना ओळखणारे. त्यांना दुधाच्या कॅनसकट आत नेलं, खुर्चीवर बसवलं आणि कुणाकुणाची कार्डं वापरता ते लिहून घेतलं. वर, दुसऱ्याचं कार्ड वापरणं गुन्हा आहे, असंही ऐकवलं. रांगेत आमच्या गावची चार माणसं उभी होती. संध्याकाळी काका गल्लीतल्या घराघरांत गेले आणि ज्याचं त्याचं कार्ड देऊन आले. आमच्या दारात ते आले नाहीत, कारण आमचं कार्ड त्यांच्याकडं नव्हतंच. मला कुणी काही बोललं नाही. फक्त शेजारच्या सिताबाईंनी अर्पिताला विचारलं, की आता आमी पैशे कसे आणायचे ते गुरुजींनाच विचारून सांग बाई.

त्याच रात्री जेवणाच्या वेळी आमच्या मुलीचा, प्रतीक्षाचा फोन आला. ती लातूरला नर्सिंगला आहे, हॉस्टेलवर राहते.

"पप्पा, माझं कार्ड दोन दिवसांपासून चालंना," ती म्हणाली. "खालच्या मशीनमध्ये टेकवलं की लाल लाईट लागायलीय. मेस बंद झाल्यावर तेवढंच असतंय वो आमाला, दूध आन् बिस्कीट."

मी हातातला घास ताटात ठेवला. मी तिला कार्डावरचे शेवटचे चार आकडे वाचायला लावले. मग कपाटातल्या डब्यातून इथलं कार्ड काढलं, कार्ड बंद केल्याची बँकेची पावती काढली, आकडे जुळवले. तिच्याकडं माझं कार्ड होतं. माझ्याकडं तिचं. दिवाळीनंतर ती लातूरच्या गाडीसाठी निघाली तेव्हा उशीर झाला होता आणि डब्यातून कार्ड काढून मीच तिच्या पर्समध्ये टाकलं होतं. काकांनी त्या दिवशी जे कार्ड मशीनमध्ये घातलं ते पोरीचं होतं. पिन एकच असल्यामुळं मशीननं ते घेतलं, आणि तिच्या खात्यात सहाशे रुपये होते. मशीन जे म्हणालं तेच काकांनी येऊन सांगितलं होतं.

मी ताटावरून तसाच उठलो. काका अंगणात म्हशीपुढं वैरण टाकत होते. मी सगळं सांगितलं, काही लपवलं नाही, नाव मीच लिहिलं हेही सांगितलं. माफी मागितली. काकांनी पेंडी सोडली, म्हशीपुढं पसरली, हात झटकले.

"चूक हुती, झाली," ते म्हणाले. "पर गुरुजी, तुमी आधी मला इचारायचं हुतं. मी तुमच्या घरापसून दहा पावलांवं ऱ्हातो."



दुसऱ्या दिवशी मी तक्रार मागं घ्यायला बँकेत गेलो. मॅडम म्हणाल्या, वर गेलेली तक्रार शाखेतून मागं घेता येत नाही, अर्ज द्या. मी अर्ज दिला, त्यात काकांचा दोष नाही असं दोन ठिकाणी लिहिलं. पोचपावती मागितली तर शिक्का सापडेना. मदतीच्या नंबरवर फोन लावला, पुन्हा बासरी. दहा दिवसांनी नव्या नंबरवर मेसेज आला. तुमच्या तक्रारीचा निकाल तुमच्या बाजूनं लागला असून तीनशे पंचेचाळीस रुपये खात्यात जमा केले आहेत, धन्यवाद. जिंकलो म्हणे मी. परत करायला गेलो तर असे पैसे घ्यायची सोय बँकेत नाही. एवढ्या मोठ्या बँकेत खरं बोलायला एक खिडकी नसावी याचा मला संताप संताप झाला, पण तो आता कुणावर काढणार?

मी बाकीच्या अकराही घरी गेलो. प्रत्येक दारात उभं राहून माझी चूक सांगितली. लोकांनी चहा दिला, काकांनी घेतले नसणार हे आम्हाला ठाऊकच होतं म्हणाले, आणि दुसऱ्या दिवसापासून पुन्हा काकांकडं कार्डं द्यायला लागले. गल्लीची गाडी रुळावर आली. माझं नवं कार्ड टपालानं आलं तेव्हा मी आठवडाभर ते तसंच ठेवून दिलं. मग एका सकाळी घाबरत घाबरत बाहेर आलो.

काका मोटारसायकल चालू ठेवून सिताबाईंच्या दारात उभे होते. सिताबाईंनी कार्ड दिलं, दोन हजार म्हणाल्या, काकांनी न बघताच ते बंडीत टाकलं. मी पुढं होऊन माझं कार्ड दिलं, पाच हजार म्हणालो. मला वाटलं होतं ते नको म्हणतील. ते नको म्हणाले नाहीत. त्यांनी गाडी बंद केली, खिशातून नवी कोरी वही काढली, आणि चष्मा लावून माझ्या कार्डावरचे शेवटचे चार आकडे एकेक करून उतरवले. पुढं माझं नाव, तारीख, वेळ आणि रक्कम लिहिली. पान पहिलंच होतं, आणि त्यावर दुसऱ्या कुणाचं नाव नव्हतं.

"आणतो की, न आणायला काय झालं," काका म्हणाले आणि पेन माझ्यापुढं धरलं. "फकस्त हितं सही करा, गुरुजी."